एका नजरेचा सिद्धांत

झेरूमात माझं तोंड कुणाला आवडत नाही. मी दरवाजांचे रंग मोजतो. गडदपासून फिकटपर्यंत रंगीत गाठींची दोरी घेऊन दारात उभा राहिलो की माणसं आधी दाराकडे बघतात, मग माझ्याकडे, आणि चुलीवर पेज उकळत असली तरी बसा म्हणत नाहीत. चालायचंच.

आमच्याकडे लहान पोरालाही ठाऊक असतं की रंग वस्तूत नसतो. एकाची नजर रंग लावते, दुसऱ्याची नजर तो धरून ठेवते. हा दोन नजरांचा सिद्धांत. घरात एकटं उरलेल्या माणसाचं दार दोनेक वर्षांत राखेसारखं होतं, म्हणून रंगसभा त्याच्याकडे नजरपाळी लावते. रोज कुणीतरी येतं, घटकाभर दारासमोर बसून बघतं आणि जातं. सध्या गावात अशी अकरा दारं आहेत.

बारावं इलूसाबाईंचं व्हायचं. त्यांचा नवरा गेला, पाळीची माणसं आली, आणि बाईंनी गरम पेजेचं भांडं घेऊन त्यांना गल्लीच्या टोकापर्यंत पळवलं.

"दार बघायला येतात म्हणे! मी रडतेय का ते बघायला येतात मेले!"

मग त्यांनी सभेपुढे स्वतःचा सिद्धांत मांडला. नीट, मन लावून बघितलं तर एकच नजर पुरते, दुसऱ्या कुणाची मिनतवारी नको. सभेने तीन वर्षं दिली. त्यांच्या दाराचा केशरी रंग सातव्या गाठीखाली उतरला, तर बाईंनी निमूट पाळी घ्यायची. नाही उतरला, तर सिद्धांत खरा आणि गावातल्या सगळ्याच पाळ्या बंद. सभेतले निम्मे लोक पाळीला कंटाळलेलेच होते. त्यांना आयतंच सापडलं.

बाई कच्च्या गुरूच्या चेल्या नव्हेत. रस्त्यावरून कुणाची नजर पडू नये म्हणून त्यांनी अंगणाला पुरुषभर उंच भिंत घातली. महिन्यातून एकदा मी मोजायला जायचो, तेवढी नजर सभेने माफ केली होती.

फक्त एक गोष्ट त्यांच्या लक्षात आली नाही. दरीपलीकडे मिठागरांचा बांध आहे, त्या भिंतीहून उंच. मिठागरं बंद पडल्यापासून तिकडे कुणी फिरकत नाही. मी जातो, कारण माझं घर तिथेच आहे.

बांधावरून ते दार दिसतं. थोरला सूर्य मावळून धाकटा उरला की जास्तच केशरी दिसतं. तीन वर्षं मी रोज तिथे बसून कंद सोलले, भाकर खाल्ली आणि त्या दाराकडे बघितलं. नजरेला अंतर लागत नाही, हे तर मोजणीदाराला पहिल्याच दिवशी शिकवतात. मला कळत नव्हतं का? कळत होतं. उद्यापासून बसायचं नाही, असं मी रोज ठरवायचो. पण दिवसभर लोकांची दारं मोजून घरी आल्यावर माणसाने बघायचं तरी कशाकडे? मला एकटं वाटायचं, दुसरं काही नाही.

शेवटची मोजणी परवा झाली. पहिली गाठ. तीन वर्षांपूर्वी होती तीच.

"बघा!" बाईंचा आवाज चिरकला. "बोला की मोजणीदार, दातखीळ बसली का? उद्या सभेत सांगा. आणि त्या अकरा जणांनाही सांगा, म्हणावं, सुटलात एकदाचे!"

त्या अकरांत म्हातारा ओब्रान आहे. पाळीचं माणूस यायच्या आधी तो केस विंचरतो, पेजेच्या दोन वाट्या मांडतो आणि कान लावून बसतो. तोही सुटणार होता.

"इलूसाबाई," मी म्हटलं, "आज एक दार बघायला चला."

"कुणाचं?"

"चला तर."

दरी ओलांडताना त्यांची सारखी कुरकुर चालली होती. "म्हातारीला कुठे खड्ड्यात ढकलताय का?" बांधावर चढल्यावर त्या दम खायला मागे वळल्या आणि थबकल्या. समोर भिंतीवरून त्यांचं दार दिसत होतं. पायाशी माझी बसायची फळी होती, आणि फळीखाली कंदांच्या सालींचा ढीग. बाई हुशार. मला काही सांगावं लागलं नाही.

"कधीपासून?"

"पहिल्या महिन्यापासून. रोज."

त्यांनी फळीला लाथ मारली. "तीन वर्षं मी समजतेय, एकटीने धरून ठेवलाय रंग! आणि तुम्ही इथे भाकऱ्या चघळत..." मला फार शरम वाटली.

मग मी त्यांना माझ्या दारापाशी नेलं. मोजणीदाराचं दार कोण मोजणार? भाऊ वारला तेव्हा मी सभेला कळवलंच नव्हतं. नऊ वर्षं त्या दाराकडे मीच तेवढा बघत आलोय, नीट, मन लावून, बाईंच्या सिद्धांतात सांगितलंय तसं. बाईंनी त्यावरून हात फिरवला. दार राखेसारखं झालेलं होतं.

मग त्या म्हणाल्या, "पाळ्या चालू राहू देत. सभेत मीच सांगते. माझ्याकडे कुणी आलं तर पेज ओतेन ती ओतेनच." नाक पुसून त्यांनी हात पुढे केला. "पण रीतसर मोजून सांगेन. ह्याच्या रंगाची दोरी काढा."

मी झोळी उघडली. प्रत्येक रंगाची दोरी वेगळी असते. निळी काढली आणि बाजूला ठेवली. हिरवी काढली. दार नवं बसवलं तेव्हा भाऊ आणि मी सात दिवस त्याच्यासमोर बसून रंग लावला होता, ते आठवत होतं. त्याने रंग निवडला म्हणून मी भांडलो होतो, तेही आठवत होतं. तो हसून म्हणाला होता, "लांबून घर सापडायला बरं." पिवळी काढली, जांभळी काढली. झोळी रिकामी झाली.

"कोणता होता?" बाईंनी हळूच विचारलं.

मी पायरीवर सगळ्या दोऱ्या मांडून बसलो होतो, आणि मला आठवत नव्हतं.