फुलवंताची वाट

देवेंद्रले आमच्या वेलनकाशा मंडळाचा अध्यक्ष कोणं केला, हे मले आजवर समजलं नाई. गोंदियाहून येते, पायात पांढरे बूट, आणि लोकायले सांगते, "मैं नकाशेवाला हूँ." अरे, तुह्या पायाले कधी काटा तरी मोडला काय? नकाशेवाला म्हणे!

आमचा नकाशा कागदावर नसते. दरेकसा टेसनामागं लांबलचक मांडव आहे, त्याच्यावर गुळवेली चढवल्या आहेत. रानातली एक वाट म्हणजे मांडवावरची एक वेल, आणि एका वेलीचा एक धनी. धन्यानं दर वर्षी पोळा झाल्यावर आपली वाट शेवटपर्यंत अनवाणी चालायची, तिथली मूठभर माती आणायची आणि वेलीच्या बुडाशी घालायची. वेलीले नवा फाटा फुटला का रानात नवी वाट फुटते. त्या वाटेवर कोणी चालून राहिला असला, तर त्या जागेचं पान मान टाकते. आणि फाटा तोडला का वाट झाडीनं बुजून जाते, मग तिच्यावर माणूस असो का नसो. म्हणून मांडवात कातरीले बंदी.

यंदा देवेंद्रनं नर्सरीतून खताचं पोतं आणलं. "मावशी, चलने का झंझट खतम! शनिवारी पाहुणे येऊन राहिले, नकाशा हिरवागार दिसला पायजे." मंडळातल्या योगराजनं खत घातलं, सुखरामनं घातलं. सुखराम तर असा आळशी, का अंगावर माशी बसली तर दुसऱ्याले हाकलाले सांगते. वेली माजल्या. मांडवभर फाटेच फाटे, आणि रानात जिकडंतिकडं वाटा, कुठंच न पोचणाऱ्या. लोकायच्या बकऱ्या भटकल्या, गुरं भटकले. मी भर बैठकीत सगळ्यायले झाडलं. "लाज विकून खाल्ली तुमी," म्हटलं. "अशा नकाशेवाल्यायपेक्षा बकऱ्या बऱ्या."

मग आमचा बुढा, माहा नवरा भैयालाल, बांबूचे कोवळे वास्ते खुडाले रानात गेला आणि दोन दिवस घरी आला नाई.

तिसऱ्या दिवशी सकाळीच मी मांडवात गेली आणि देवेंद्रची गचांडी धरली. "काढ माहा बुढा तुह्या वाटेतून!" त्याचं तोंड पांढरं पडलं. समदे मान टाकलेलं पान हुडकाले लागले. देवेंद्रची वेल पाहिली, योगराजची पाहिली, सुखरामची पाहिली. समदे पानं ताठ.

"मावशी," देवेंद्र हळूच म्हणाला, "पान तुमच्या वेलीवर आहे."

होतं. माह्याच वेलीच्या एका लांब फाट्याच्या टोकाशी एक पान लोंबून राहिलं होतं. बुडाशी खताचे काळे दाणे.

आता सांगूनच टाकते. यंदा गुडघे लय दुखत होते. वाट दोन कोसाची, त्यात चढ. एक दिवस समदे गेल्यावर मी त्याच पोत्यातलं ओंजळभर खत उचललं, वेलीले घातलं आणि पाय चिखलात बरबटवून घरी गेली. चालून आली म्हणून बुढ्यानं पायाले तेल चोळून देलं. मी चोळून घेतलं.

मांडवात कोणी हसलं नाई. हसले असते तर बरं झालं असतं. सुखरामसारख्या माणसानं माह्याकडं दयेनं पाहावं, थू असल्या जिनगानीवर!

फाटा तोडता येत नव्हता, बुढा त्याच्यावर होता. उपाय एकच. खत धुऊन काढायचं आणि खरी माती घालायची. मग खोटा फाटा टोकाकडून वाळत येते, रानातली वाटही टोकाकडून बुजत येते आणि माणूस मांडवाकडं हाकलला जाते.

देवेंद्र म्हणे, बाइकवर सोडून देतो. "चूप बैस," म्हटलं, "अजून अक्कल नाई आली?" अनवाणी गेली. चढावर बसत, रडत, स्वतःले शिव्या देत. जेवढ्या शिव्या मंडळाले देल्या होत्या, त्या साऱ्या मलेच लागू होत्या. दुपारी पदरात माती बांधून परतली.

खत धुऊन काढलं, माती घातली. जरा वेळानं टोकाचं पान वाळलं, आणि त्याच्या अलीकडच्या पानानं मान टाकली. मग त्याच्या अलीकडच्या. मी बुडाशी बसून एकेक पान पाहून राहिली. दिवस कलला तवा बुढा मांडवात आला, ओठ फुटलेले, वास्त्यायची पिशवी खांद्याले.

सुखरामनं त्याले पाणी देलं. मी मात्र भडकलीच. "एवढा कसा बावळट तू? दोन दिवस वाट संपत नाई, तर मागं काऊन नाई फिरला?"

"देवेंद्रची वाट असती तर घटकाभरात फिरलो असतो," बुढा म्हणाला. "वाट तुही होती. म्हटलं, फुलवंतानं चालून पाहिली आहे, कुठंतरी पोचवंलच."

देवेंद्र खाली पाहाले लागला. बुढ्याले खरं सांगायचं मलेच होतं.