समोरच्याची वाक्यं

“अगं, किती कोरडं! या प्रसंगात सून आहेस तू माझी, विजेचा मीटर वाचायला आलेली नाहीस,” कोचावर आडवी पडलेली ग्लेनिस डोळे न उघडता म्हणाली.

“तूच म्हणतेस ना, समोरच्यानं सपाट वाचायचं म्हणून?”

“सपाट म्हणजे मढ्यासारखं नव्हे. मरायचं काम इथं माझं आहे.”

कोरीन हसली आणि पुन्हा पहिल्या वाक्यापासून वाचू लागली. हल्ली भूमिकेसाठी ऑडिशन द्यायला आईला कुणी स्टुडिओत बोलवत नसे. मेलबर्नमधल्या घरीच फोनवर चित्रण करून एजंटकडे पाठवायचं. फोनसमोर ग्लेनिस, फोनमागे कोरीन. वयाच्या नवव्या वर्षापासून ती आईसमोरच्या पात्राची वाक्यं वाचत आली होती. नवरा, पोलीस, दरोडेखोर, एकदा तर बिशपसुद्धा.

ग्लेनिस टॅरंट आता त्र्याहत्तरची होती. हॉस्पिटलच्या एका मालिकेत ती चार वर्षं सिस्टर होती. मग लेखकांनी तिला मोटार अपघातात मारलं. दुसऱ्या दिवशी वर्गातल्या मुलींनी कोरीनला घेरलं, “काय गं, तुझी आई मेली ना काल?” तेव्हापासून कुणी विचारलं की कोरीन सांगायची, आई दुकानात असते. ते खोटंही नव्हतं. कामं तुटक मिळू लागली, तशी ग्लेनिस एका मोठ्या दुकानात अत्तरं विकायला उभी राहिली ती सव्वीस वर्षं. कोरीननं लग्नात सासूला तेच सांगितलं, तेव्हा ग्लेनिस शेजारीच होती. “हो, अत्तरं,” ती म्हणाली आणि गोड हसली. तो अभिनय होता, हे फक्त कोरीनला कळलं. लग्न मोडलं, सासू गेली. ते हसू राहिलं.

चौथ्यांदा चित्रण करताना आईनं उशीवरून असं काही पाहिलं, की कोरीनची वाचायची ओळच चुकली. ती खोकली.

“घालवलंस! पुन्हा घेऊ.”

पाचव्यांदा नीट झालं. ग्लेनिस उठून बसली, केस सारखे केले. “कसं झालं?”

“ऐकू येत होतं सगळं.”

“बरं,” ग्लेनिस म्हणाली आणि टोस्ट करायला आत गेली.

दुसऱ्या दिवशी सकाळी कचऱ्याची पेटी फाटकाबाहेर नेताना ती कोसळली. कोरीनला शेजारणीचा फोन येईतो सगळं संपलं होतं.

अंत्यविधी करणाऱ्यांच्या कार्यालयात कोरीन एकटीच गेली. डॅरिल नावाचा थोराड, मवाळ आवाजाचा माणूस मृत्युनोंदीचा अर्ज भरत होता. जन्मगाव. आईवडिलांची नावं. विवाह.

“आणि व्यवसाय? सगळ्यात जास्त काळ केला तो लिहितात. तुम्ही फोनवर दुकान म्हणाला होतात. अत्तरं ना? लिहू?”

पेन चौकटीवर टेकलंसुद्धा होतं.

“नको.”

आवाज इतका मोठा निघाला, की पलीकडच्या टेबलावरच्या बाईनं वळून पाहिलं.

“अभिनेत्री लिहा,” कोरीन म्हणाली. “माझी आई अभिनेत्री होती. चांगली होती हो. फार चांगली होती.”