पाठमोरा धर्मराज

धारूरच्या घाटात काळी-पिवळी जीपवाल्यांच्या शर्यती लागायच्या. लग्नाचं शूटिंग करणाऱ्या त्रिंबकनं त्यावर एक व्हिडिओ पिक्चर काढला, आणि तो गावच्या व्हिडिओ सेंटरात असा चालला की लोक खिडकीला लोंबकळून बघायचे. त्यातला हिरो म्हणजे सत्यमचा थोरला भाऊ धर्मराज, जातीचा ड्रायव्हर. शेवटच्या सीनला तो शर्यत जिंकायचा आणि कुणाशी न बोलता निघून जायचा.

दुसऱ्या भागाची जुळवाजुळव चालू असतानाच धर्मराजची जीप खरोखरीच घाटातला कठडा फोडून दरीत गेली. त्रिंबकनं वडवणीचा नवा हिरो आणून पिक्चर पुरा केला, पण लोक ऐकेनात.

"आदीचा कुठं गेला ते सांग की बे!"

मग त्रिंबकनं ठरवलं, दोन्हींच्या मधी दाखवायला एक छोटा पिक्चर करायचा. जुना हिरो आपली जीप रस्त्याकडेला सोडतो आणि पायी निघून जातो. बोलणं नाही, तोंड दाखवणं नाही.

"तुझी ठेवण सेम धर्माची हाय," तो सत्यमला म्हणाला. "नुसती पाठ पायजे."

सत्यमला नको होतं. पण आईनंच, चंद्रभागाबाईनं, पेटीतून धर्मराजचा चौकटीचा शर्ट काढून दिला. "घाल. उगं पडून हाय."

भर दुपारी घाटात शूटिंग झालं. सत्यम जीपमधून उतरला आणि वळणाकडे चालू लागला. चालता चालता त्याला कसलंच भान राहिलं नाही. त्रिंबकनं पळत येऊन दंड धरला, तेव्हा तो कठड्याच्या फुटलेल्या दगडांपाशी पोचला होता.

"कवाचा वरडतोय! आन पाय कावून वढत चाललास?"

"मी? न्हाई बा."

कॅसेटमध्ये मात्र दिसत होतं. डावा पाय फरफटत होता, लहानपणी झाडावरून पडल्यापासून धर्मराजचा फरफटायचा तसा.

व्हिडिओ सेंटरात तो तुकडा लागला की शिट्ट्या मारणारी पोरंही चिडीचूप व्हायची. आई अगदी पुढं बसायची. पाठमोरा माणूस वळणाआड गेला की उठायची; नव्या हिरोचं तोंड तिनं कधी बघितलं नाही. दुसऱ्या दिवशी पुन्हा हजर.

एकदा तिला घरी नेताना सत्यमला राहवलं नाही. "आई, त्यो मी हाय गं."

"म्हाईत हाय मला. मीच न्हाई का शर्ट दिला?"

थोडं चालून ती थांबली. तिनं त्याचा हात सोडला. "तू हो म्होरं. मी येते मागनं."

तो पुढं झाला. मागं तिची पावलं वाजत होती, ना जवळ येत होती ना लांब जात होती. घर आलं, दारात कंदील दिसला. पण थांबलं तर वळावं लागणार, आणि वळलं तर तिला सत्यमचं तोंड दिसणार. तो तसाच खालच्या गल्लीकडे चालत राहिला. ती मागनं येत राहिली.