करूबाचा दुसरा डोळा

हिदार महिन्याच्या आठ तारखेला, म्हणजे उद्या, करूबांचा सण होता. आणि ख्रिस्ती देवळातल्या, चित्रकार यिबेलतालने रंगवलेल्या भिंतीपुढे वाकायला एकही बाई तयार नव्हती.

पाच महिने तो त्या भिंतीवर खपला होता. खळ लावून कापड चिकटवलं, रंग घोटले. देवाचं सिंहासन पेलणारा करूब काढला: पंखभर डोळे आणि चार तोंडं. समोर माणसाचं, वर गरुडाचं, डावीकडे बैलाचं, उजवीकडे, म्हणजे बायका उभ्या राहतात त्या दक्षिणेच्या बाजूला, सिंहाचं. सिंह आणि बैल कडेला बघत होते, त्यामुळे प्रत्येकाचा एकच डोळा दिसत होता. घोडं अडलं ते तिथेच.

देवळाचं अंगण झाडणाऱ्या येशीहारेग आजीने झाडू भिंतीला टेकवला. ती वाकली की मगच गावातल्या बायका वाकत.

"चित्रात एकच डोळा कुणाला काढतात रे?"

"सैतानाला," यिबेलताल म्हणाला. "आणि प्रभूला पकडून देणाऱ्याला."

"मग हा सिंह त्यांच्या पंगतीत कशाला बसवलास?"

"मी नाही बसवला. मेर्कोरेवोस बाबांनी बसवला."

ते खरंच होतं. सज्जनाला दोन्ही डोळे द्यायचे, हे त्याला बापाने सातव्या वर्षीच शिकवलं होतं. त्याने कोळशाने आधी चारही तोंडं समोर बघणारी काढली होती. पण देवळाचे धर्मगुरू बाबा मेर्कोरेवोस म्हणाले, "चार तोंडं चार दिशांना, असं संदेष्ट्याने लिहिलंय. तुझी तर फोटो काढायला बसलीत." यिबेलतालने ती पुसली होती.

आता बाबांनाच बोलवावं लागलं. त्यांनी आजीला समजावलं, की जनावर बाजूने बघताना एकच डोळा दिसायचा.

"माझी गाय रोज बाजूने बघते मला," आजी म्हणाली. "तिच्या पाया पडते का मी?"

बाबांनी यिबेलतालला खांबाआड नेलं. "बायका वाकल्या नाहीत तर पुरुषही अडून बसतील. सणाला तमाशा नको. सध्या पडदा लावू, पुढचं पुढे."

उत्तरेच्या भिंतीवर एका संताच्या घोड्यापुढे असाच 'सध्या' पडदा लावला होता. त्याला एकोणीस वर्षं झाली होती. घोडा कसा होता, हे आता कुणालाच आठवत नव्हतं.

"तुम्ही सांगितलं तसं काढलं," यिबेलताल म्हणाला, "आणि आता झाकायचं माझं?"

"चिडू नकोस."

"मग काय नाचू?"

तो शिडीवर चढला. सिंहाचं तोंड त्याने दक्षिणेलाच राहू दिलं. पहिल्या डोळ्याशेजारी, त्याच गालावर, दुसरा डोळा काढला. मग शिडी सरकवून बैलालाही तसाच दिला. बाबा खालून बघत होते.

"दोन्ही डोळे एकाच गालावर? असा सिंह कुणी पाहिलाय?"

"सिंहासन उचलणारा तरी कुणी पाहिलाय, बाबा? करूब म्हणजे सिंह नव्हे, बैल नव्हे, आपल्याला कळावं म्हणून घेतलेली रूपं, असं तुम्हीच सांगता. तोंड तुमच्या पुस्तकाप्रमाणे आहे. डोळे आजीच्या मनाप्रमाणे. माझ्या मनाप्रमाणे काय आहे ते विचारू नका."

बाबांनी चष्मा पुसला.

आजी भिंतीजवळ आली. डावीकडे सरकली, उजवीकडे सरकली, आणि पुन्हा मधे येऊन उभी राहिली.

"आता बघतोय माझ्याकडे," ती म्हणाली.

तिने पांढरी शाल डोक्यावर ओढली आणि तीनदा जमिनीला कपाळ टेकवलं. दाराशी घोळका करून थांबलेल्या बायका एकेक करून आत आल्या आणि वाकल्या. करूब झाकायला आणलेला पडदा बाबांनी घडी करून काखेत मारला.

गुडघ्यावर हात देऊन उठता उठता आजीने पुन्हा वर पाहिलं. "बैलाचा कान जरा लहान झालाय, पण."

यिबेलतालने ते ऐकून न ऐकल्यासारखं केलं आणि शिडी खांद्यावर घेऊन बाहेर गेला.