एकाच शब्दात मागितलेला दिवस

दक्षिण काशी म्हणवणाऱ्या, तापीकाठच्या प्रकाशा गावच्या रतिलालने काळविद्येपायी ऐन उमेदीची वर्षं काशीत घालवली, तेव्हा गावाने त्याची मनसोक्त टिंगल केली. "दक्षिण काशी दारात शे, आनि हाऊ उत्तरले पयना!" गुजरांच्या पोराने कापूस लावावा, केळी लावावी, काळ कसला शिकतो? पण रतिलाल शिकून आला. दिवस पुढे कसा सरकवावा, मागे कसा आणावा, हे त्याला उमगलं होतं. मात्र ते जन्मात एकदाच, एकाच जिवासाठी करता येतं, असं गुरूने बजावलं होतं. त्यामुळे घरी आल्यावर तो नुसताच वाचत बसे, स्वतःशी खल करी. मुहूर्त विचारायला आलेली माणसं वैतागून परत जात.

दिवस मागायचा तो ज्याच्यासाठी हवा त्याच्या आईने, आपल्या घरच्या बोलीत, एवढाच गुरूचा नियम. त्यात रतिलालने स्वतःची भर घातली: मागणी एकाच शब्दाची हवी. बोलणं लांबलं की काळाला पळवाट सापडते, असं त्याने ठरवून टाकलं होतं. हा त्याचा स्वतःचा शोध, आणि त्याचा त्याला भारी अभिमान.

१९१८ साली तापाची साथ आली. रतिलालची धनु जेमतेम वर्षाची. आदल्या दुपारी ती खांबाला धरून पहिल्यांदा उभी राहिली, सांजेला अंग तापलं, आणि दुसऱ्या दिवशी डोळेच उघडेना. शहाद्याहून आणलेला डॉक्टर छाती तपासून म्हणाला, "आजची रात्र काढली तर पोर वाचेल."

रतिलालला तेवढं पुरे होतं. ती रात्रच वगळायची. पोरीला अलगद उचलून उद्यात ठेवायचं.

दिवस मावळताना जमनाबाई तापीच्या पाण्यात गुडघाभर उभी राहिली. धनु तिच्या खांद्यावर, मान टाकलेली. काठावर मंत्र म्हणता म्हणता रतिलाल थांबला.

"कोणता दिवस हवा? एकच शब्द बोल."

"काल," जमनाबाई म्हणाली.

शब्द मिळताच, तो न तोलता, त्याने मंत्र पुरा केला. धनुने डोळे उघडले, आईच्या नाकाला हात लावला आणि खुदकन हसली. जमनाबाई रडू लागली. "अहो, उठली! पाहा ना, उठली!"

रतिलालने पाहिलं. दिवसभर ओल्या फडक्यांनी पुसून गेलेली काजळाची तीट पोरीच्या गालावर पुन्हा ताजी दिसत होती. ती कालची तीट होती.

त्यांच्या गुजरांच्या बोलीत मागचा दिवसही काल आणि पुढचाही काल. कोणता, ते क्रियापदावरून कळतं. क्रियापद तर त्यानेच छाटलं होतं. इतकी वर्षं संस्कृतात राहून तो आईची बोली विसरला होता. जमनाबाईने उद्या मागितला होता.

तेव्हापासून धनु त्या कालमध्येच अडकली; तिच्या नशिबी रोज तो एकच दिवस आला. दुपारी खांबाला धरून ती पहिल्यांदा उभी राही. सांजेला ताप भरे. पहाटे टुणटुणीत होऊन उठे, आणि तिला काहीएक आठवत नसे. सुरुवातीला जमनाबाई रोज टाळ्या वाजवी. मग टाळ्या थांबल्या. पुढे केस पांढरे झाले, दात पडले, आणि पहाटे डोळे उघडले की धनु तिला पाहून किंचाळू लागली. तिची आई तर तरणी होती! ही म्हातारी कोण? तिला कुशीत यायला दुपार होई. लगेच सांज.

"तुन्ही पोर अजून रांगीच ऱ्हायनी का व?" शेजारची छबूबाई पूर्वी चिडवी. "मन्ही नातबी तिन्हापेक्षा मोठी व्हई गयी." पुढे तिनेही चिडवणं सोडलं.

रतिलालने सोडवणुकीसाठी हाडांची काडं केली, आणि ती सापडलीही. त्याच आईने, त्याच पाण्यात, सरळ पूर्ण वाक्य बोलायचं: माझ्या लेकीला पुढे जाऊ दे. बस्स. पण पुढे म्हणजे डोळे न उघडण्याचा तो दिवस, आणि त्यानंतरची ती रात्र. धनु ती काढेल, न काढेल.

"सुटका नाही का हिची?" जमनाबाई विचारी.

"नाही," तो म्हणे.

दर वेळी त्याला वाटे, पुढच्या खेपेला सांगू. पण पोर समोर हसत असताना त्याची जीभ वळेना. मग एका हिवाळ्यात जमनाबाई दोन दिवसांच्या दुखण्याने गेली. वाक्य बोलणारं तोंडच गेलं. तिच्या उशाशी बसून त्याने तिच्या कानात सगळं सांगितलं, पण तोवर ती ऐकण्यापलीकडे पोचली होती.

आता पहाटे धनु आईला शोधत घरभर रांगे. परक्या म्हाताऱ्याच्या हातचं दूध घेईना. रतिलालचे हात कापत. एकदा ती हातून निसटली आणि उंबऱ्यावर आपटली. त्या दुपारी तिला खांद्यावर घेऊन तो छबूबाईच्या दारात गेला.

"वहिनी, माझ्यानंतर हिला ठेवून घ्याल?"

छबूबाई दाणे निवडत होती. सूप बाजूला सारून तिने पोरीला मांडीवर घेतलं, कपाळावरचं टेंगूळ चाचपलं.

"ठेवसू ना, भाऊ. कोठे जाई ती?" मग तिने मान वर केली. "पन मी मराले टेकसू, तव्हय इले कोनले देऊ?"

रतिलाल काळाबद्दल जन्मभर शिकला होता. त्याने अंगणाकडे वळून पाहिलं; ऊन उतरून सांज होत आली होती. धनुचे डोळे जड होऊ लागले होते. छबूबाईने तिच्या गळ्याला हात लावून पाहिला आणि आत हाक मारली, "थंडं पानी आना वं कोनी!"