वरखेडी बुद्रुक

एकोणीसशे सातच्या सुमाराची गोष्ट. धारचा भास्कर तसबिरी काढायचा, नाटकांचे पडदे रंगवायचा, आणि एवढ्यावर पोट भरत असूनही त्याला एक खूळ लागलं होतं. माळव्यात येऊन स्थिरावलेल्या मराठी घरांची मूळ गावं दक्षिणेत जाऊन कॅमेऱ्याने टिपायची आणि इथे जादूच्या कंदिलाने चादरीवर दाखवायची. लोक आपली गावं बघून रडत. भास्कर रडत नसे. तो काच फार तापली नाही ना, ते बघे.

देवासच्या तात्यासाहेबांनी त्याला आपल्या चुलतीच्या माहेरी, वरखेडीला धाडलं होतं. चुलतीला सगळे अक्का म्हणत. अलीकडे त्या नावं विसरत, ताकात मीठ दोनदा घालत, आणि घरात कुजबुज सुरू झाली होती. अक्कांना त्या कुजबुजीचा राग येत नसे, भीती वाटे. माहेर म्हणून आठवतं ते आपण मनानेच रचलं की काय, असं त्यांना वाटू लागलं होतं. एकदा डोळ्यांनी बघितलं की खरंखोटं कळेल, एवढीच त्यांची आस होती.

तिकडे वरखेडीच्या वाटेवर गाडीवानाने विचारलं होतं, "बुद्रुकला जायचं का?" माळव्यात वाढलेल्या भास्करला ते 'बुजुर्ग' असं ऐकू आलं. "मला कुणा म्हाताऱ्याकडे नाही जायचं, भिया," तो म्हणाला, "सीधं वरखेडीला ने." गाडीवानाने बरं म्हटलं आणि त्याला जवळच्या वरखेडी खुर्दच्या वेशीत उतरवलं.

आता देवासला भर दुपारी खिडक्यांना घोंगड्या लावून सगळं घर चादरीपुढे बसलं होतं. देऊळ आलं, वेस आली, चिंच आली. दर वेळी तात्यासाहेब विचारत, "ओळखलंत, अक्का?"

"नाही रे. हे आमचं नव्हे."

सुनेने तोंडाला पदर लावला. तात्यासाहेब भास्करला हळूच म्हणाले, "सगळंच गेलंय हो." ते अक्कांनी ऐकलं. त्यांनी दोन्ही हात मांडीवर दाबून धरले.

शेवटची काच भास्करने उगाच आणली होती. नदीच्या अलीकडून टिपलेला पलीकडचा काठ. घाट, एक निंब, पायरीवर तिळाएवढी बाई.

"उलटं आहे," अक्का म्हणाल्या.

"अक्का, पुरे आता," तात्यासाहेब म्हणाले.

"निंब उजवीकडे होता. घाटाच्या उजवीकडे."

भास्करने काच काढून उजेडाला धरली. काचेची कुठली बाजू पुढे ते सांगणारा खुणेचा ठिपका भलत्याच कोपऱ्यात होता. तो चांगलाच ओशाळला. त्याने काच फिरवून घातली आणि निंब उजवीकडे गेला.



"तू खुर्दला गेलास, बाबा. आमचं बुद्रुक. हे समोरचं," अक्कांचा आवाज आता स्वच्छ होता. "लग्न लागून वऱ्हाड नावेतून खुर्दला उतरलं, तेव्हा मी मागं वळून बघितलं होतं. एवढंच दिसत होतं."

"चुकलं आमचं, अक्का," तात्यासाहेब म्हणाले.

अक्कांचं तिकडे लक्ष नव्हतं. त्या पायरीवरच्या बाईकडे बघत होत्या. "आई तिथंच उभी होती," त्या म्हणाल्या. "म्हणजे मीही तिला एवढीच दिसले असेन."

काच तापत आली होती. भास्करने ती काढली नाही.