बिनबँडचं लग्न

धडामकाकांच्या मुलीच्या लग्नात बँड नाही, ही बातमी गल्लीभर व्हायला वेळ लागला नाही. लोकांना आधी चेष्टाच वाटली. ज्या माणसाने निम्म्या गावाच्या लग्नात पोटावर मोठा ड्रम बांधून धडाम धडाम केलं, ज्याचं खरं नाव पोस्टमनही विसरला, त्याच्याच घरचं लग्न मुकाट्याने? मुलीची आत्या तर तोंडावर म्हणाली, दिव्याखाली अंधार म्हणतात तो हाच.

निर्णय मुलीचा होता आणि तिने तो एक घाव दोन तुकडे करून घेतला होता. नवरदेवाला ऐकू येत नाही. त्याच्या आईवडिलांना नाही, बहिणीला नाही, आणि त्यांच्याकडून येणारे बहुतेक पाहुणे त्यांच्याच कर्णबधिरांच्या शाळेतले, म्हणजे तेही तसेच. दोघं एकाच छापखान्यात कामाला. तो छपाईच्या यंत्रावर, ती पुस्तकांच्या बांधणीत. तिथे गोंगाट एवढा की ऐकू येणारी माणसंही हातवारे करूनच बोलतात. त्याची हातांची भाषा ती तिथेच शिकली, आधी कामापुरती आणि मग काम नसतानाही. अशा माणसांपुढे बँड वाजवणं म्हणजे उपाशी माणसाला ताटाचं चित्र दाखवणं, असं तिला वाटलं. आपल्याकडच्यांनी नाचायचं आणि त्यांनी खुर्च्यांवर बसून बघत राहायचं? बँड नको, माईक नको, काही नको.

हे तिने सांगितलं तेव्हा बाबा ड्रमची कड पुसत होते. ते "बरं" म्हणाले आणि पुसत राहिले. भांडले असते तर परवडलं असतं. आई गेल्यापासून बापलेकींनी मनसोक्त भांडूनच संसार चालवला होता. पण त्या दिवसापासून बाबा एकदम गुणी झाले. पडदे पांढरे? बरं. जेवण दुपारी? बरं. बँडमधला क्लॅरिनेटवाला त्यांना चिडवायचा, म्हणायचा, काका, लग्नात आता ताटावर चमचा वाजवा. बाबा हसायचे, आणि ते हसणं तिच्याने बघवायचं नाही.

मग तिला शंकांनी पोखरायला सुरुवात केली. लेकीच्या लग्नात वाजवायचं, ही बापाची साधी हौस. ती आपण न विचारताच मोडली. पण आता बँड बोलवावा तर सासरच्या माणसांना पहिल्याच दिवशी पंगतीबाहेर बसवल्यासारखं होणार. इकडे आड, तिकडे विहीर. बांधणीत एरवी तिचं पान कधी चुकायचं नाही, पण त्या आठवड्यात एका पुस्तकाचा शेवट सुरुवातीला शिवला गेला.

लग्नाआधीच्या रविवारी दोन्ही घरची माणसं हॉल बघायला गेली. हॉल म्हणजे एका शाळेची जुनी व्यायामशाळा. उंच खिडक्या, भिंतीला टेकवलेल्या शिड्या आणि सगळी जमीन लाकडी फळ्यांची. बाबा सकाळच्या सुपारीवरून थेट आले होते. अंगात बँडचा कोट, आणि ड्रम बाहेर टेम्पोत.

होणारी सासू गणवेशांच्या कारखान्यात शिलाईला होती. बाई ठेंगणी, पण नजर कैचीची. तिने दिव्यांची जागा बदलली, कारण सावलीत हात दिसत नाहीत आणि हात दिसले नाहीत तर बोलायचं कसं. टेबलांवरची उंच फुलं यादीतून काढायला लावली, तेही त्याचसाठी. मग समोरच्या बुटक्या चौथऱ्याकडे बघून तिने हातांनी विचारलं, "बँड इथे बसणार ना?"

मुलीने सांगितलं, बँड नाहीये. तुमच्यासाठीच नको म्हटलं.

सासूचे हात खाली आले. हात खाली आलेली ती बाई एकदम म्हातारी दिसली. मग ते हात पुन्हा उठले, आणि इतके भराभर चालले की मुलीला डोळ्यांत तेल घालून बघावं लागलं.

"मला विचारलंस? शाळेतल्या सगळ्यांना मी सांगून बसलेय, आमचे व्याही मोठा ड्रम वाजवतात. आयुष्यभर लोकांनी आमच्या वतीने ठरवलं, यांना हे नको, यांना ते कशाला. तू तरी तसं करशील असं वाटलं नव्हतं."

मुलीला तोंड लपवायला जागा राहिली नाही. नवरदेव रोज यंत्राच्या अंगावर तळहात ठेवून सांगायचा, आत काहीतरी सैल झालंय, आणि ते सैल झालेलं असायचंच. हे डोळ्यांनी बघूनही तिच्या डोक्यात प्रकाश पडला नव्हता. फार चांगलं वागायच्या नादात तिने दोन घरांची हौस एका झटक्यात मारली होती.

"काय म्हणतायत त्या?" बाबांनी विचारलं.

गोड करून सांगता आलं असतं. पण तिने जसंच्या तसं सांगितलं, स्वतःला लागलेलंसुद्धा. बाबा वळले आणि बाहेर निघून गेले. तिला वाटलं, आता गेलेच. तेवढ्यात दारातून आधी ड्रम आत आला आणि त्याच्यामागून ते.

त्यांनी ड्रम पोटावर बांधला नाही. खाली फळ्यांवर उभा केला, गुडघे टेकले आणि एक ठोका दिला.

सासूने चपला काढल्या. नणंदेने मोजे काढले. नवरदेवाने ड्रमच्या लाकडावर तळहात ठेवला. सासरे कडक इस्त्रीचे गृहस्थ. ते चष्मा खिशात घालून चक्क जमिनीवर पालथे झाले आणि फळीला गाल लावून पडून राहिले. बाबांनी सवयीने जोर लावला, तर सासूने हात खाली-खाली करून सांगितलं, हळू. एवढं जोरात नको.

हळू वाजवा, असं त्यांना कधी कुणी म्हटलं नव्हतं. बाबा थबकले. मग त्यांनी जे वाजवलं ते मुलीने जन्मात ऐकलं नव्हतं. मधोमध एक जड ठोका, तो फळ्यांतून चालत पार भिंतीपर्यंत जायचा. मग कडेला दोन हलके. मग थांबणं. तिनेही चपला काढल्या, कानांत बोटं घातली आणि उभी राहिली. पायांच्या तळव्यांतून, पोटऱ्यांतून, बरगड्यांपर्यंत तिचा बाप वर येत होता. ज्या वाजवण्याला सगळं गाव धडाम म्हणून हसलं, आणि ज्याची शाळेच्या दिवसांत तिलाही लाज वाटायची, त्यात एवढं काही होतं. आजूबाजूला एकही हात हलत नव्हता. सतत हातांनी बोलणारी ही माणसं बोलायची थांबली होती.

बाबा थांबले. ठोका फळ्यांतून पुरता विरला, आणि मग चौघांनी हात वर करून पंजे हलवायला सुरुवात केली. सासरे तर पालथ्याचे उताणे होऊन.

बाबांचा चेहरा पडला. "बंद करा म्हणतायत का?"

"टाळ्या आहेत, बाबा. यांच्या टाळ्या अशाच असतात."

ते त्या हातांकडे बघत राहिले. टाळ्या ट्रम्पेटवाल्याला मिळतात. मोठ्या ड्रमला आजवर कुणी टाळी दिली नव्हती. लोक जेवत असतात, बोलत असतात, ड्रम मागे वाजत असतो. "माझ्यासाठी?" त्यांनी विचारलं. तिने मान हलवली. मग ओल्या डोळ्यांनीच तिने सासूला सांगितलं, चुकले मी, विचारायला हवं होतं.

"रडणं लग्नानंतर," सासूचे हात म्हणाले. "आधी त्यांना सांग, आणखी एकदा. तसंच, हळू." आणि तिने पुढे होऊन ड्रमच्या कातड्यावर, कडेच्या बाजूला, आपला पंजा ठेवला.

मुलगी डोळे पुसून वळली. "बाबा, त्या म्हणतायत..."

"कळलं मला," बाबा म्हणाले, आणि त्या हाताला धक्का लागणार नाही इतक्या बेताने त्यांनी काठी उचलली.